गळ्यातला वॉशर

अक्षयचा पुढचा दात पडला त्या शुक्रवारी विशाखाच्या वहीत इंग्रजी शब्दांची नोंद फक्त नऊ होती, त्यामुळे ती खुशीत होती. दाताची नोंद करायला वहीत रकाना नव्हता.

"कसा पडला रे?" तिने विचारलं.

"पायरीवर पाय सटकला, मावशी," अक्षय म्हणाला. तेरा वर्षांचं दांडगं पोर. खालचा ओठ फाटून सुजलेला, मुठीत दात, शर्टाच्या बाहीवर रक्त.

एप्रिलमध्ये हाच मुलगा 'आय स्लिप्ड, आँटी' म्हणाला असता. विशाखाने त्याच्या ओठाला बर्फ लावला, पण तिचं मन अडकलं होतं ते 'सटकला'मध्ये. हा शब्द तिने शिकवलेला नव्हता. म्हणजे पोरं आता आपापसांत मराठी वापरायला लागली होती. वर्ग भरायचा त्या केबिनला पायऱ्या दोनच होत्या, त्यांच्यावर रबराची चटई होती, आणि तिथे पडून दात पाडायचा तर माणसाला बरीच मेहनत घ्यावी लागली असती, हे तिच्या ध्यानात आलं नाही. एरवी बाई हिशेबाला पक्की. कोण मूल किती वेळा हजर, कोण कितीदा इंग्रजीत घसरलं, कोणाची आई 'जरा बिझी होते' असं कितव्यांदा म्हणाली, सगळं तिच्याकडे तारखेनिशी असायचं. पण खुशीत असलेला माणूस बेरीज करतो, ताळा करत नाही.

कुवेतमधल्या मराठी मुलांचा हा शुक्रवारचा वर्ग आधी सालमियातल्या एका हॉलमध्ये भरायचा. हॉल गेला तेव्हा अम्गऱ्याच्या गोदामवस्तीतल्या कासमभाईंनी आपल्या यार्डातली केबिन देऊ केली. कासमभाई मूळचे बाणकोटचे. फरश्या, पाइप आणि लोखंडी पत्र्यांच्या यार्डाचे मॅनेजर. "शुक्रवारी नमाजापर्यंत इथं कुत्रं फिरकत नाय, बाई," ते म्हणाले. "एसी हाय, थंड पाणी हाय, तुमाला अजून काय पायजे? आमची हिबा पण बसेल त्यांच्यात."

हिबा अकरा वर्षांची. बाकीची दहा मुलं सालमिया, मंगफ, अब्बासियाहून गाड्यांतून यायची. त्यांचे आईबाप दोन प्रकारचे होते. काहींना मुलांना मराठी यावं असं मनापासून वाटायचं, आणि काहींना शुक्रवारी सकाळी दोन तास पोरांशिवाय डोसा खायचा असायचा. दुसऱ्या प्रकारचे जास्त वक्तशीर.

विशाखाला स्वतःला एकच मूल हवं होतं त्या अकरांतलं. तिची प्राची, बारा वर्षांची, दीड वर्षाची असताना इथे आलेली. मराठी समजायचं सगळं. उत्तर इंग्रजीत यायचं. आईने 'जेवायला चल' म्हटलं की 'इन अ मिनिट'. बाप शैलेश कुवेत सिटीत एका कंपनीत अकाउंटंट, तो म्हणायचा, "जेवायला येते ना? मग?" विशाखाही तसं म्हणत होती, गेल्या वर्षी चिपळूणला तिची आई वारेपर्यंत. फोन आला तेव्हा ती स्वयंपाकघरात लादीवर बसली, आणि आईबद्दल तोंडाला येईल ते बोलत राहिली: ती कशी शिव्या द्यायची, मासा कसा निवडायची, शेवटी कशी एवढीशी झाली होती. प्राची दारात उभी राहून ऐकत होती. मग जवळ आली, आईच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "आय अ‍ॅम सॉरी फॉर युअर लॉस, मम्मा."

पोरीचे डोळे भरले होते. तिला खरंच वाईट वाटलं होतं. पण विशाखाला वाटलं, कंपनीच्या एचआरने येऊन सांत्वन केलं. त्या दिवसापासून तिने मनाशी धरलं: ही मुलगी माझ्याशी माझ्या भाषेत बोलली पाहिजे. काहीही करून. माणसं 'काहीही करून' म्हणतात तेव्हा ते काहीही काय असेल हे त्यांना माहीत नसतं, हे एक बरं.

त्याच सुमारास ती पत्रद्वारे शिक्षणशास्त्रात एम.ए. करत होती. प्रबंधिकेसाठी गाइडने देश वाटून दिले. सगळ्यांना फिनलंड पाहिजे होतं. फिनलंड ठाण्याच्या एका बाईंना गेलं, विशाखाच्या वाट्याला आलं स्पेन: तिथला समाज आणि शिक्षण, गेली दोनशे वर्षं. आधी ती हिरमुसली. मग वाचायला लागली आणि तिला दुसरं काही सुचेना. शाळा सक्तीची करणारा कायदा कागदावर आला, पन्नास वर्षांनी पाहिलं तर निम्म्याहून जास्त लोकांना अक्षर येत नव्हतं. मग प्रजासत्ताक आलं, शाळांची बांधकामं सुरू झाली, खेचरांवर पुस्तकं आणि सिनेमाचं यंत्र लादून तरुण मास्तर डोंगरातल्या गावांना जायला लागले. पाच वर्षांत युद्ध. त्यातल्या कित्येक मास्तरांना भिंतीशी, रस्त्याकडेला उभं करून गोळ्या घातल्या, हजारोंना नोकरीवरून काढलं. वर्गात क्रूस परत लागला, मुली एका बाजूला, मुलगे एका बाजूला, आणि भाषा एकच.

जेवताना ती शैलेशला हे सांगायची. तो आमटी वाढून घेत 'अरे बापरे' म्हणायचा.

"आणि ऐक ना. बास्क मुलुखातल्या शाळांत काय करायचे, तर एक अंगठी असायची. घरची भाषा बोलताना जो सापडेल त्याच्या हातात ती द्यायची. आता त्याची सुटका कशी? तर त्याने दुसऱ्या कोणाला तरी बोलताना पकडायचं आणि अंगठी त्याला द्यायची. शाळा सुटताना ती ज्याच्याकडे, त्याला मार. युद्धाच्या आधीपासूनची पद्धत ही, नंतरही कुठे कुठे चालू राहिली."

"म्हणजे मास्तरला कान द्यायलाच नको," शैलेश म्हणाला.

"तेच तर! मैदानात, रस्त्यात, जिथे मास्तर नाही तिथेही चालू."

"हुशार होते हरामखोर."

विशाखाचा घास हातात राहिला. समोर प्राची फोनवर काहीतरी बघत पोळी चावत होती. दोन मिनिटांनी विशाखाने विचारलं, "आणि उलटं केलं तर?"

"काय उलटं?"

"त्यांनी घरची भाषा मारायला वापरलं. आपण वाचवायला वापरायचं. इंग्रजी बोलेल त्याच्याकडे. मार अर्थातच नाही."

शैलेशने तिच्याकडे नीट पाहिलं. "फिनलंड मिळालं असतं तर पोरांना बर्फात सोडलं असतंस तू," तो म्हणाला आणि आंबट दही आहे का विचारलं.

अंगठी लहान-मोठ्या बोटांना बसली नसती. कासमभाईंनी यार्डातून एक वॉशर काढून दिला, बशीएवढा लोखंडी, मधे भोक. विशाखाने त्यात नायलॉनची दोरी ओवली. गळ्यात घालायचा. वर्ग सुटताना ज्याच्या गळ्यात असेल त्याने आत बसून वीस ओळी शुद्धलेखन लिहायचं, बाकीच्यांनी खाऊ खायचा. वहीत दोन रकाने: पकडलं कोणाला, पकडलं कोणी. 'कसं' असा तिसरा रकाना आखायचं तिच्या मनात आलं नाही. मार आपण वगळला आहे, याचं तिला समाधान होतं.

पहिल्या शुक्रवारी इंग्रजी शब्द मोजले ते दोनशे चौदा. तीन शुक्रवार वॉशर शेवटी प्राचीच्याच गळ्यात. ती आत बसून लिहायची, दोरीने मान लाल झालेली, आणि बाहेर सगळे वडापाव खायचे. घरी येऊन ती आईशी बोलायची नाही, कुठल्याच भाषेत. चौथ्या शुक्रवारी तो तिच्या गळ्यातून दहा मिनिटांत गेला. पाचव्या शुक्रवारी पाच मिनिटांत. आणि सहाव्या आठवड्यात एका मंगळवारी, ताटावर बसल्या बसल्या, प्राची म्हणाली, "आई, भाजीत मीठ कमी पडलंय."

विशाखा उठून बाथरूममध्ये गेली आणि नळ सोडून रडली. परत आली, भाजीत मीठ घातलं, ते खारट झालं. तिघांनी मुकाट्याने खाल्लं.

यानंतर ज्या बाईने चौकशी केली असती ती विशाखा नव्हती. प्राचीच्या दंडावर आतल्या बाजूला बारीक लाल ठिपक्यांची रांग दिसली. "डास," प्राची म्हणाली. "मे महिन्यात कुवेतमध्ये डास?" शैलेश म्हणाला. "एसीत असतील," विशाखा म्हणाली. अक्षयची आई चंपा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर लिहायची: आमचा अक्षय आता बाथरूममध्ये आपटला तरी 'आई गं'च म्हणतो, विशाखाताई तुमचे उपकार! खाली अठरा नमस्कार. एकाही पालकाने विचारलं नाही की अक्षय बाथरूममध्ये इतका आपटतो का.

खरं तर पोरांना दुसऱ्याच महिन्यात पत्ता लागला होता. सावध माणूस इंग्रजी बोलत नाही. पण त्याला अचानक दुखवलं तर तोंडातून जे निघतं ते त्याच्या हातात नसतं. कंपासचं टोक दंडात खुपसा, 'आउच' आलंच. बोटं दारात धरा, 'स्टॉप इट' आलंच. पाइपांच्या ढिगाआड, पाणी प्यायच्या सुट्टीत, हे शास्त्र वाढत गेलं. चिमटे आठवडाभर टिकले. मग कंपास. मग उन्हात तापलेलं गाडीच्या पट्ट्याचं बक्कल. मग पोटात गुडघा. ज्याच्या गळ्यात वॉशर, तो शिकारी. बाकीचे त्याला हात-पाय धरायला मदत करायचे, कारण आज मदत केली की उद्या मिळायची. अक्षयचा दात पडला तो वॉशरनेच. प्राचीने दोरीला धरून तो गरगर फिरवला होता. अक्षय 'आई गं' म्हणाला. मग दात हातात घेऊन, बघून, म्हणाला, "ओ माय गॉड." वॉशर त्याच्या गळ्यात गेला. नियम म्हणजे नियम, म्हणून त्याने तक्रार केली नाही. आणि पोरांचं मराठी खरोखर सुधारत होतं.

एका मुलीचं सुधारायचं राहिलं नव्हतं. हिबाला वॉशर एकदाही लागला नव्हता. ती घरी आईशी, झुलेखाशी, आणि कासमभाईंशी बाणकोटी बोलायची, वर्गात विशाखाची मराठी, आणि दुखलं तर दोन्ही. दहा शुक्रवारांत तिच्या नावापुढे शून्य. वर्गात ज्याच्या नावापुढे शून्य असतं, त्याचं काय करतात हे शाळेत गेलेल्या कोणालाही ठाऊक आहे.

अकराव्या शुक्रवारी सगळे मिळून केबिनमध्ये न्याय मागायला आले. पुढे हिबा, कोपर सोललेलं, हिजाबाला धूळ.

"मावशी, ही अरबी बोलली," अक्षय म्हणाला. दात गेल्यापासून तो थोडं शिट्टी वाजवत बोलायचा. "पडली आणि म्हणाली 'या अल्ला'. वॉशर तिला."

"मी पडले नाय, पाडलीन मला," हिबा म्हणाली. "आणि आमच्यात असंच म्हणतात. माझी आजी बाणकोटला असंच म्हणते. तिला अरबी कुठं येतं? ती तर मुंबईला पण एकदाच गेली."

"तू मराठी शिकायला येतेस ना?" अक्षय म्हणाला. "मग 'अरे देवा' म्हणायचं."

"मी का म्हणू?"

"आई," प्राची मधेच म्हणाली. तिने हात मागे बांधले होते. "नियम केला की तो सगळ्यांना सारखाच हवा ना? एकीला सूट दिली तर बाकीच्यांनी काय घोडं मारलंय?"

उत्तर विशाखाच्या जिभेवर होतं. ज्या घरात मराठी बोलतात त्या घरात जे म्हणतात ते मराठी, संपलं. चिपळूणच्या बाजारात हे शब्द ती लहानपणापासून ऐकत आली होती. पण 'बाकीच्यांनी काय घोडं मारलंय' तिच्या कानात वाजत होतं. कुठून शिकली ही? किती सहज! पोरीला सर्वांसमोर खोटं पाडलं तर ती परत मिटेल. विशाखाने घड्याळ पाहिलं आणि म्हणाली, "पुढच्या शुक्रवारी ठरवू."

हिबाने तिच्याकडे बघितलं. मग हिजाबावरची धूळ झटकली.

पुढचा शुक्रवार सुट्टीच्या आधीचा शेवटचा. विशाखाने जाहीर करून ठेवलं होतं की आज शेवटी वॉशर ज्याच्याकडे राहील त्याचं नाव पालकांच्या मेळाव्यात वाचून दाखवलं जाईल. तिला वाटलं, गंमत. सकाळी दहालाच पारा अठ्ठेचाळीसवर गेला होता. बरोबर साडेदहाला भारतातून गाइडचा फोन ठरलेला. ती पोरांना निबंध देऊन कासमभाईंच्या हापिसात गेली. कासमभाई फाटकाजवळ ट्रकवाल्याशी बोलत होते. हापिसाचा एसी खडखडायचा म्हणून तिने तो बंद केला आणि खिडकी उघडली.

"तुमचं अंगठीवरचं प्रकरण उत्तम आहे," गाइडबाई म्हणाल्या. "अजून थोडं खोलात जा. या पद्धतीचं वैशिष्ट्य काय सांगाल?"

"शिक्षकाला हात उचलावाच लागत नाही," विशाखा म्हणाली. "शिक्षा मुलांच्यात वाटून दिलेली असते. ज्याच्यावर अन्याय झाला त्याची सुटका दुसऱ्यावर अन्याय करण्यातच असते, त्यामुळे तक्रार करायला कोणी उरतच—"

बाहेर कोणीतरी किंचाळलं. "आई गं!"

विशाखाचा कान तीन महिन्यांत तयार झाला होता. मराठी, त्याने नोंद केली. तिने खिडकीकडे पाठ केली.

"—तक्रार करायला कोणी उरतच नाही," तिने वाक्य पुरं केलं.

"हे लिहा," गाइडबाई म्हणाल्या. "असंच्या असं लिहा."

"बाबा! आई! बाबा!" दुसरी किंकाळी. तीही मराठीच. विशाखाने पेन शोधलं. वाक्य लिहून घेत असताना तिसरी आली, आणि तिच्यात भाषा नव्हती. जनावराचा गळा आवळला की येतो तसला आवाज. पेन टाकून विशाखा धावली.

पाइपांच्या ढिगामागे जाड नक्षीचा लोखंडी पत्रा उन्हात आडवा टाकलेला होता. हिबा त्याच्या कडेला पालथी. अक्षय तिच्या पायांवर बसलेला. मंगफची दोन पोरं तिचे खांदे दाबून. आणि प्राची, गळ्यात वॉशर, दोन्ही हातांनी हिबाचं मनगट धरून तिचा तळहात पत्र्यावर टेकवून होती. स्वतःचे गुडघे भाजू नयेत म्हणून तिने खाली दप्तर घेतलं होतं.

विशाखाने तिला केसांना धरून ओढलं. हात सुटला. तळहाताची कातडी पत्र्यावरच राहिली.

कासमभाई फाटकाकडून आले ते हातात पाइपाचा तुकडा घेऊनच. त्यांनी अक्षयला कॉलरला धरून उचललं आणि फरश्यांच्या थप्पीवर फेकलं. थप्पी कोसळली, अक्षयच्या कपाळातून रक्ताची चिळकांडी उडाली. मंगफची पोरं पळाली. मग कासमभाई प्राचीकडे वळले. पन्नाशीचा शांत माणूस, कोणाला कधी अरे म्हटलं नाही त्याने, आणि आता त्याच्या तोंडाला फेस होता. पाइप वर गेला. विशाखा मधे पडली. तो तिच्या डाव्या खांद्यावर बसला, आत काहीतरी काडकन वाजलं, आणि ती गुडघ्यावर आली. पाइप परत वर गेला.

"अब्बा!" हिबा ओरडली.

तेव्हा त्यांच्या हातातून तो गळाला.

त्यांनी पोरीला उचलून नळाकडे नेलं. जूनमध्ये कुवेतच्या नळाला चहा करता येईल असं पाणी येतं. हिबा परत किंचाळली. विशाखा एका हाताने केबिनमधली थंड पाण्याची बाटली फरफटत घेऊन आली. पाणी हातावर ओतलं. खाली लाल मांस होतं, कडेला पांढरी सालं.

"लावू नका हात तिला," कासमभाई म्हणाले.

"कासमभाई, मी—"

"खिडकी उघडी होती ना, बाई? मी फाटकावर, ट्रकच्या आवाजात, मला शेवटची किंकाळी ऐकू आली. तुमी वीस पावलांवर होतात. तुमाला पहिलीच ऐकू आली असेल."

"मला वाटलं..." विशाखा म्हणाली.

हिबा थरथरत होती. ओठ पांढरे. तिने बापाच्या खांद्यावरून विशाखाकडे पाहिलं आणि दात वाजत असताना विचारलं, "मावशी, मी मराठीतच ओरडले ना? सगळं मराठीतच होतं. मला नाय ना लागला वॉशर?"

कासमभाईंनी तिला पिकअपमध्ये घातलं. गाडी फाटकातून गेली तेव्हा आत येणाऱ्या चंपाच्या गाडीला तिने आरसा घासला. चंपा मुलाला न्यायला आली होती, पाच मिनिटं लवकर, आयुष्यात पहिल्यांदा. फरश्यांत बसलेला अक्षय, चेहरा रक्ताने माखलेला, बघून तिने जो टाहो फोडला तो विशाखाने ऐकला आणि प्राचीचा दंड धरून तिला आपल्या गाडीकडे ओढत नेलं.

गाडीत बसवलं आणि मारलं. उजव्या हाताने, चालकाच्या सीटवरून वळून, जमेल तिथे: गाल, कान, डोकं, परत गाल. प्रत्येक फटक्याला तिच्या डाव्या खांद्यातून कळ मेंदूपर्यंत जात होती आणि त्यामुळे तिचा हात आणखीच चालत होता. प्राचीचं नाक फुटलं. वॉशर छातीवर आपटत होता. पोरगी एक शब्द बोलली नाही, ओरडलीही नाही. ओठ आत घेऊन, दातांत धरून बसली होती. असं बसायला तिने सराव केला होता, हे विशाखाला दिसलं. दिसलं आणि हात थांबला.

"का?" तिने विचारलं. "का केलंस?"

प्राचीने रक्त गिळलं.

"पंधरा मिनिटं उरली होती, आई," ती म्हणाली, "आणि वॉशर माझ्याकडेच होता. बाकीचे आता कशानेही चुकत नाहीत. कंपास टोचला तरी गप्प बसतात. हिबा तेवढी 'या अल्ला' म्हणते, आणि त्याचा निकाल तू आज लावणार होतीस. म्हटलं, तिच्याकडून दोन-तीनदा वदवून घेऊ, म्हणजे तुला नाही म्हणता येणार नाही. पहिल्यांदा ती 'आई गं' म्हणाली. मग 'बाबा' म्हणाली, ते तर ती घरी म्हणतच नाही, अब्बा म्हणते. म्हणजे मुद्दाम करत होती. म्हणून मी हात आणखी दाबून धरला. तू हापिसात होतीस, खिडकी उघडी होती. तू आली नाहीस म्हणून मला वाटलं, चालेल."

सुंदर बोलली. एक शब्द इकडचा तिकडे नाही. 'वदवून घेऊ'. वर्षभर विशाखा ज्याच्यासाठी झुरत होती ते हेच होतं: पोटची पोर आपल्याजवळ बसून, आपल्या भाषेत, मनातलं सगळं सांगते आहे. विशाखाने गाडीचं दार उघडलं आणि वाळूत ओकली.

मग तिने वॉशरची दोरी प्राचीच्या डोक्यावरून काढली, तो दाराबाहेर टाकला आणि दार लावलं. हिबाला कोणत्या दवाखान्यात नेलं असेल ते तिला ठाऊक होतं. या बाजूला भाजलेल्या पेशंटला नेतात असा एकच. एका हाताने गाडी काढून ती सहाव्या रिंगरोडला लागली. डावा हात मांडीवर मेल्यासारखा पडला होता. शेजारी प्राची टिश्यूने नाक दाबून समोर बघत होती.

"आपण हिबाकडे जातोय," विशाखा म्हणाली. "तिच्या अब्बांसमोर उभं राहायचंय. दोघींनी."

प्राचीचं तोंड उघडलं, काहीतरी अगदी जिभेच्या टोकावर आलं, आणि तिने ते परत ओढून घेतलं. हे असं शब्द गिळणं विशाखाने वर्गात शेकडो वेळा पाहिलं होतं आणि त्याला प्रगती म्हटलं होतं.

"बोल," विशाखा म्हणाली. "प्राची, जे येतंय ते बोल. इंग्रजीत बोल. काही होणार नाही. टेल मी. प्लीज. एनी वे यू वाँट."

पोरीने मान वळवून आईकडे पाहिलं. तिची नजर विशाखाच्या तोंडावरून उजव्या हाताकडे गेली, तिथून परत तोंडाकडे, नीट तपासत, पाइपांच्या ढिगामागे आपल्याकडे चालत येणाऱ्या मुलीकडे पाहावं तशी. ती दाराला चिकटून बसली.

"मी नाही फसणार," प्राची म्हणाली.